पहिल्या भागातले हात

नार्वेच्या धक्क्यावर ते तीन दिवस होते.
फेरीबोटीला नवा रंग दिला, आणि मग
तो जुना दिसावा म्हणून घासून काढला.
आमच्याकडे माणसांना तिकीट नसतं.
त्यांनी छापली, गुलाबी,
नायिकेच्या हातून एक उडून जायला हवं म्हणून.
पंखा लावूनही उडेना. दमट हवेनं लोळागोळा झालं होतं.

गोष्ट अशी:
ती शहरातून येते, बापाचं घर विकायला.
शेवटची फेरी सुटताना धावत येते,
तो दोर फेकतो, बोट थांबते, दोघं बघतात.
मी म्हटलं, बोट अशी थांबत नाही.
दिग्दर्शक बाई हसल्या,
आमच्याकडे थांबते, दादा.

पोरगा चांगला होता.
अंड्याचा पांढरा भाग स्वतः खायचा,
पिवळा धक्क्यावरच्या कुत्र्याला.
दोर मात्र त्याला वश होईना.
एकतीस वेळा फेकला,
एकतीस वेळा पाण्यात.
ऊन दिवाडीच्या माडांमागे उतरायला लागलं
तसा कॅमेरावाला ओरडला,
कुणाचे तरी हात आणा!

सव्वीस वर्षं हा दोर माझ्याच हातात आहे.
त्यांनी मला त्याचा निळा सदरा चढवला,
रंग लावला तो मनगटापर्यंतच.
एका पोरीनं माझ्या नखांतलं ग्रीस कोरून काढलं,
दुसरीनं लांबून पाहिलं
आणि परत भरलं.
एका फेकीत काम झालं. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत,
ऊन संपत होतं.

काल शांभवीनं मडगावहून पासवर्ड पाठवला.
फोन तांदळाच्या डब्याला टेकवून
सुकांती सुंगटं सोलत बसली, मी तिच्या बाजूला.
एकविसाव्या मिनिटाला दोर सुटला.
आधी त्याचा चेहरा,
मग माझे हात, खुंट्याला दोन वेढे आणि गाठ,
मग परत त्याचा चेहरा.
कुठं सांधा म्हणून दिसत नाही.
व्हायोलिनं वाजायला लागली, आणि ती पोरगी
बघतच राहिली
त्या हातांकडे.

सुकांती सोलायची थांबली.
डाव्या आंगठ्यावरचा तो डाग, म्हणाली,
आडाळीचा.
शांभवी अकरा दिवसांची होती,
मी बाळंतीण,
तुम्ही नारळ खवत होता.

मला वाटलं होतं, तो रंगाखाली गेला.

शेवटी नावं आली. खूप आली.
कुत्र्याचंही होतं, टायगर. त्याला आम्ही बाबू म्हणतो.
माझं येईल म्हणून ती जवळ सरकली,
आणि नाही आलं तेव्हा काही बोलली नाही.
फोन मोजायला लागला,
पुढचा भाग पाच, चार, तीन,
तिनं करंगळीनं, तेवढीच कोरडी होती,
तो मागे नेला.
एकदा. मग परत.

अशी गाठ येते तुम्हाला, म्हणाली,
आणि पडवीतली वाळवणाची दोरी
गणपतीपासून लोंबकळतेय.

रात्रीचे साडेदहा. मी उठलो.
तिनं सुंगटांचे हात परकराला पुसले
आणि फोनची बॅटरी लावून धरली,
खांबावर नाही, माझ्या मनगटांवर.
मी सवयीनं भराभर वेढे घ्यायला लागलो.

सावकाश, म्हणाली.
मला बघू दे.