नऊ नंबरचा डबा

मंगळवारी मी रात्रपाळी उतरून येते तेव्हा
एव्हर्टन गल्लीच्या तोंडाशी असतो.
डेप्टफर्डची ही गल्ली त्याला दारांवरून नाही,
डब्यांवरून माहीत.
सात नंबरचे डायपर थांबले,
म्हणजे पोर आता मोठं झालं.
नऊ नंबरच्या मिसेस प्रेंडरगास्ट:
मांजराच्या खाण्याचे टिन तेवढेच,
माणसाच्या जेवणाचं उष्टं मात्र कमी कमी.
हे त्याने कुणाला सांगितलं नाही.
विचारतंय कोण!

जूनमध्ये नऊ ते एकवीस पाडली.
पत्र्याच्या कुंपणावर हसरी जोडपी, हातात कॉफी.
यादीत नऊ नंबर अजून आहे,
आणि खरंच, कुंपणाला टेकून तिचा डबा,
पांढऱ्या रंगात हाताने काढलेला, जरा कललेला नऊ.
त्याने नेमाने लॉरीला अडकवला, उपडा केला.
पडलं काय, तर पावसाचं पाणी
आणि एक गुळगुळीत पत्रक: इथे राहायला या.

"टॉवरचा कचरा नळीतून तळघरात जातो," तो म्हणाला,
"सगळ्यांचा एकत्र.
कोण जेवत नाहीये, कळणार कसं?"

डब्यात उरलेलं केळं मी त्याला दिलं.
साल त्याने नऊ नंबरमध्ये टाकली,
झाकण नीट लावलं.
"पुढच्या मंगळवारी
काहीतरी असू दे त्यात."