पंधरा मिनिटं

बाटलीवर लिहिलंय, एकवीस दिवस टिकतं.
मला तीस तास पुरतात.
शनिवारी रात्री दहापासून
सोमवारी पहाटे, मोहाडीच्या पॅकहाऊसची गाडी
त्रिमूर्ती चौकात येऊन हॉर्न देईपर्यंत.

दिवा शेजारच्या खैरनारांच्या प्रणोतीचा,
साबणाच्या डबीएवढा. जांभळा उजेड पडतो.
"काकू, एका थराला साठ सेकंद.
आणि जाड लावू नका, सुरकुत्या पडतात."
सुरकुत्यांचं मला ठाऊक होतं.

आधी कानशीनं नखाची चकाकी मोडायची,
खरवडल्याशिवाय काही चिकटत नाही.
मग बिनरंगी थर, मग रंग, पुन्हा रंग,
शेवटी चमक.
दर वेळी बोटं दिव्याखाली.
साठ सेकंदांत माझे हात दोन पनेट भरतात,
इथे नुसते ठेवलेले,
कुणीतरी विसरून गेल्यासारखे.
उजव्या हाताला लावताना डावा थरथरतो.
कातडीवर उतरलेला रंग
उदबत्तीच्या काडीनं पुसून घेते.

रविवारी मटकी निवडली,
सासऱ्यांना इन्सुलिन दिलं,
गोकुळच्या बुटाच्या नाडीची निरगाठ सोडवली,
सगळं काळ्या द्राक्षाच्या रंगाच्या नखांनी.
कुणी काही म्हणालं नाही.
गोकुळ तेवढा म्हणाला,
"आई, तुझी नखं ओली दिसतात."

काढायला लावण्यापेक्षा जास्त जपावं लागतं.
वरची चमक घासायची,
कापसाचा बोळा अ‍ॅसिटोनमध्ये बुडवून नखावर,
वरून डब्यातल्या पोळ्या गुंडाळायची फॉइल.
नऊ बोटं जमतात.
दहाव्याला दात लागतात,
जिभेवर गार, कडू काहीतरी.

मग पंधरा मिनिटं.

फोन वाजतो. वाजू दे.
आतून सासरे, "वनिता, रिमोट कुठंय?"
"हात अडकलेत," मी म्हणते.
घरात हे कारण सगळ्यांना पुरतं.
ओट्यावर दूध तसंच, दोरीवर कपडे तसेच,
मी खुर्चीत, मांडीवर दहा चंदेरी टोप्या.
खाली कुणीतरी स्कूटरला किक मारतंय,
नवव्या किकेला ती सुरू होते.
मी मोजलं. मोजायला वेळ होता.

पंधराची वीस करते.
कुणाला कळणार आहे?

रंग कांद्याच्या पापुद्र्यासारखा उचलून येतो.
काडीनं ढकलायचा, ओढायचा नाही.
ओढला तर नखही थोडं त्याच्याबरोबर जातं.
मी एकदा ओढलाय, घाईत,
पहिल्या वर्षी.

सोमवार. दाराशी रांग, हात पुढे.
फलकावर: अंगठी नाही, बांगडी नाही,
टिकली नाही, नखांना रंग नाही.
माल समुद्रापलीकडे जायचा असतो.
आत घड देठाला धरूनच उचलायचा,
मण्यावरची पांढरी लव
बोटानं पुसली जाता कामा नये.
तो थर मण्यासोबतच येतो,
त्याला कुणी काढून ये म्हणत नाही.

बोरस्ते मॅडम टॉर्च मारतात.
माझ्या करंगळीच्या कडेला एक जांभळी रेघ.
"हे काय?"
"द्राक्षाचा डाग असेल, मॅडम."
त्या बोट धरून बघतात. बराच वेळ.
मला टॉर्चच्या बटणावरचा त्यांचा अंगठा दिसतो,
नखावर खडूसारखे पांढरे चट्टे,
एका कोपऱ्यात पापुद्रा निघालेला.
मी बघते.
त्या अंगठा हलवत नाहीत.

"कोमट पाण्यानं धुऊन ये," म्हणतात.
आणि मग खालच्या आवाजात,
"रात्री तेल लावत जा."

पुढचीला, नेहमीच्या आवाजात,
"हात."