डावीकडची अकरा

तिकिटाच्या खिडकीत सिकुधानी नावाची पोरगी.
"शिकामो, बाबा," म्हणत तिनं
पेन्सिलीनं आखलेली बस माझ्याकडे सरकवली.
"निवडा. सोंगेआची गाडी आज निम्मी मोकळी आहे."

तेहतीस वर्षं हाच रस्ता.
दार-एस-सलामहून पहाटेचा अंधार भरून निघायचं,
सोंगेआला रात्रीचा उतरवायचा.
तेहतीस वर्षांत मला कुणी विचारलं नव्हतं
कुठं बसणार.

मी चष्मा लावला.
पहिली रांग नको. पाय लांब करता येतात खरे,
पण म्हातारा ड्रायव्हर मानेमागे बसला
की तरुण ड्रायव्हरचे गिअर अडखळतात.
असा एक म्हातारा मी स्वतः
मोरोगोरोला चहा पाजून, गोड बोलून
मागे हलवला होता.
चाकावरची नको, गुडघे हनुवटीला लागतात.
मागचा बाक तर नावच नको.
तिथली माणसं मी आरशात पाहिलीत,
सुपातल्या दाण्यांसारखी वर जाताना,
खाली येताना,
आणि मधल्या मध्ये एकमेकांची माफी मागताना.

उजवीकडे ऊन.
जूनमध्ये सूर्य उत्तरेला सरकलेला,
माकाम्बाकोपर्यंत उजवा कान भाजत राहतो.
तिथून गाडी दक्षिणेला वळली
की मावळतीचं ऊनही उजवीकडेच.
हे मी हजारोंना फुकट सांगितलंय,
जूनमध्ये डावीकडे बसा.

एक गोष्ट सांगितली नाही.
कितोंगाच्या चढावर, सत्त्याण्णव साली,
ब्रेक गेलेला सिमेंटचा ट्रक वरून आला
आणि माझे हात डावीकडे वळले.
मी वळवले असं म्हणत नाही.
वळले.
गाडीची डावी बाजू कड्याला घासत गेली,
किसणीवर काकडी जावी तशी.
मेलं कुणी नाही.
मालकानं माझा फोटो ऑफिसात लावला.
अकरा नंबरच्या शिक्षिकेचा
डावा हात कोपरापासून गेला.
ती डावखुरी होती हे वर्षानं कळलं,
तिच्या मुलीचं पत्र आलं तेव्हा.
पत्रात शिव्या नव्हत्या.
आई आता फळ्यावर उजव्या हातानं लिहायला शिकते आहे,
ओळ अजून खाली उतरते,
एवढंच.

अकरावर मी फुली मारली.
"छान सीट," सिकुधानी म्हणाली, "सावलीची."

मिकुमीला जिराफ दिसला.
इतकी वर्षं जिराफ म्हणजे मला दंड,
वाकलेला बंपर, पोलिसाची वही.
आज बाजूच्या काचेतून तो सावकाश पूर्ण झाला,
खुरापासून वरपर्यंत.
त्याला पापण्या असतात.

रुआहा म्बुयुनीला बायकांनी कांद्याच्या जाळ्या
काठीला अडकवून खिडकीपर्यंत उंचावल्या.
शेजारची लेओकादिया कोम्बा माझ्या अंगावरून वाकली,
घासाघीस केली, जिंकली,
आणि जाळी सरळ माझ्या मांडीवर.
"बाबा, मांडी रिकामीच आहे ना तुमची?"
रिकामीच होती.
तेहतीस वर्षं तिथं स्टिअरिंगचा खालचा काठ असायचा.

मग कितोंगा.
इंजिनाचा आवाज जाड झाला,
वरून ट्रकांची रांग, रबर जळाल्याचा वास.
तरुण पोरगा चालवत होता चांगली,
थोडा कडेला धरून.
कडा काचेच्या इतका जवळ आला
की त्यातली झिरपती भेग दिसली,
भेगेतला पोपटी शेवाळ,
कुणीतरी चुन्यानं लिहिलेलं एक नाव
वाचायला घ्यावं तोवर मागे गेलं.
इथून हे असं दिसतं.

माझा उजवा पाय
कांद्यांखाली, समोरच्या पत्र्यावर,
टाचेपासून कळ येईस्तोवर दाबलेला.

"बाबा," लेओकादिया म्हणाली,
"थांबायचंय का कुठं?"

नाही म्हटलं.
पाय काढला नाही.