चेकिच

कोंबड्याच्या पिसांचे देठ, आखूड छाटून
मुठीएवढ्या लाकडात बसवलेले :
सात वर्तुळं, मधोमध जर्दाळूचं फूल,
फुलाला पाकळ्या चार.
पाचवी मुद्दाम सोडलेली.
तेवढीच माझ्या बापाची सही.

खोतानच्या आमच्या गल्लीत
नानवर कुणी नाव लिहीत नसे.
पाकळ्या मोजल्या की कळायचं,
मेत्तुर्सुनच्या तोनूरमधला आहे
की पलीकडच्या हेलचेमखानचा,
जिचा हात तिळाला नेहमी सैल.

गल्ली आता नाही.
तिच्या जागी 'जुनी गल्ली' आहे,
नवीकोरी, एकाच रंगाच्या विटांची,
कमानीवर दिव्यांची माळ.
तोनूर होता तिथं कंपनीची विजेची भट्टी;
नान उतरतात, सगळे एका मापाचे,
आणि पिशवीवर छापलेलं जर्दाळूचं फूल.
पाकळ्या पाच. पूर्ण.

संग्रहालयातून एक तरुण आला होता,
नम्र, आमच्यातलाच.
काचेत ठेवू म्हणाला, खाली पाटी लावू :
'पूर्वी वापरात असलेली वस्तू.'
पूर्वी म्हणजे कधी? मी विचारलं.
काल सकाळीच आठ नान केलेत.
तो हसला नाही. घड्याळ पाहिलं त्यानं.
त्याच्या घड्याळात
माझ्यापेक्षा दोन तास जास्त वाजले होते.

मुलगी महिन्यातून एकदा येते, निवासी शाळेतून.
या खेपेला दारातूनच हाक मारली :
"बाबा!"
गोड शब्द. कुठल्याही बापाला गोड लागेल असा.
फक्त, आमच्यात बापाला दादा म्हणतात.
मी ओ दिली.
काय करणार, ओ दिली.

रात्री परसात कणीक मळून ठेवली होती.
तिनं चेकिच उचललं, उलटंसुलटं केलं,
आणि तिकडच्या भाषेतलं काहीतरी म्हणाली त्याला,
टोचणी की ब्रश, मला नीट लागलं नाही.
नाव सांगायला मी तोंड उघडलं,
तर पीठ वाळायला लागलेलं.

"जोरात नको," म्हणालो, "मनगट सैल सोड.
काठ तसाच राहू दे, मधेच टोच.
टोचलं नाही तर फुगतो,
भिंत सोडतो,
निखाऱ्यांत पडतो."

तिनं ठसा उठवला. वाकून मोजलं,
त्यांच्या आकड्यांत. पुन्हा मोजलं.
"बाबा, एक पाकळी राहिली."

"हो," मी म्हणालो.
"राहिली."