अस्तर

पवईहून टॅक्सी करून ती ठाकुरद्वारला आली.
रेशमी फडक्यात बांधलेला ग्रंथ माझ्या पाटावर ठेवून म्हणाली,
ही आमची कुळी. मधे मधे कसर लागलीय.
नाव सो युन-ही. दोनदा विचारून घेतलं.

पाच भोकांची शिवण, लाल दोरा.
तुतीच्या सालीचा कागद, ओढला तर कापडासारखा कुरकुरतो.
उभ्या ओळींत पुरुषच पुरुष,
बायका कुणाच्या तरी मुली म्हणून, बारीक अक्षरात.
सगळ्यात वर कुणी राजाचा मंत्री.

मी हसलो नाही.
माझ्या आज्यानंही गिरगावातल्या एका छापखान्यातून
वंशावळ छापून आणली होती, थेट चंद्रापासून.
आम्ही जिनगर. पुठ्ठे बांधणाऱ्या हातांना
एक तलवार हवी होती.
छापणावळ फेडायला त्यानं खोगिराची आरी विकली.

मग तीच हळू म्हणाली,
राजवट संपत आली तेव्हा आमच्याकडे कुळी विकत मिळायची.
दरबारच हुद्द्यांचे कागद विकायचा,
नावाची जागा कोरी.
भातावर पैसा केलेला माणूस
एखाद्या बुडालेल्या घराण्याच्या फांदीला
रातोरात चिकटायचा.

चिकटवलेलं मला कळतं, मी म्हटलं,
आणि पुठ्ठा वाफेवर धरला.

जुनी खळ सुटायला वेळ लागतो.
घाई केली तर कागद नाही, अक्षर आधी येतं हातात.
वरचा पिवळा थर निघाला, त्याखाली रद्दी,
धान्याचा हिशेब, कुणाचं तरी अर्धं पत्र,
आणि त्याखाली
एक हात.

उजवा. शाईच्या बारीक रेघेनं भोवतून काढलेला,
पोरं पाटीवर काढतात तसा.

तिनं चष्मा पुसला. वाचायला लागली, अडखळत.
हे दुष्काळाचं वर्ष. आईला जगवायला दुसरा मार्ग नाही.
म्हणून मी, वय एकोणीस, स्वतःला
आणि पुढे माझ्या पोटी येतील त्यांना
तेरा न्यांगांना कायमचं विकते.
पुढेमागे कुणी तक्रार केली
तर हा कागद दाखवावा.

नाव गन्नान.
म्हणजे काय?
म्हणजे नुकतंच जन्मलेलं. पुढे नाव ठेवायचं राहूनच गेलं.
साक्षीदार भाऊ, त्याचं नाव कुत्र्याची विष्ठा.
ती ओशाळली. मी म्हटलं, असू दे,
आमच्यात उकिरडा असायचा. धोंडू असायचा.
मरणाला किळस यावी म्हणून.

साल कुठलं? तिनं बोटं मोडली: उंदराचं.
साठ वर्षांचं चाक त्यांच्याकडेही फिरतं.
मी वडलांचं जुनं पंचांग काढलं.
शके सतराशे अठ्ठ्याण्णव, धाता संवत्सर.

त्याच साली माझ्या आईकडचे माणदेशातून
चालत मुंबईला आले. निघाले अकरा, पोचले चार.
बाकीच्यांचा हात कुणी कागदावर काढून घेतला नाही.

युन-हीनं आपला पंजा त्या पंज्यावर धरला,
न टेकवता, बोटभर वर.
बसेल असं मला उगाच वाटलं.
बसला नाही. गन्नानची बोटं आखूड होती.

ही आमची की आमच्या घरात विकत आलेली?
तिनं विचारलं. मला कसं माहीत असणार.
घरच्या रद्दीतलाही असेल, बाजारातल्याही.
आईला फोन लावला तिनं, मग उचलायच्या आत बंद केला.

परत आत घालू?
नको म्हणाली. मग, थांबा म्हणाली.
मग विचारलं, खळ वाळायला किती दिवस?
समुद्राची हवा आहे, चार तरी.

ती गेल्यावर पावतीपुस्तक ओढलं.
ग्रंथ एक. कागद एक.
शेजारी रकाना असतो, कोणाचा.
ग्रंथापुढे सो लिहिलं.
कागदापुढे टाक टेकवून बसलो होतो,
शाई पसरत गेली.