मांकड

घरमालकीण जसुमतीबेन किल्ली देताना
खालच्या आवाजात म्हणाल्या, "पहेलां मांकड हता. हवे नथी."
मी मान डोलावली, आणि आठवडाभर
कपडे वाळत घालताना
गच्चीच्या कठड्यावर माकडं शोधत राहिले.

आठव्या रात्री दंडावर तीन टिपके,
धावदोऱ्यासारखे, एका ओळीत.
नवरा म्हणाला, डास.
डास असे पंगतीत बसून जेवत नाहीत.

मोबाइलच्या उजेडात गादीची शिवण उलटली.
मसुराच्या दाण्याएवढा एक, माझ्याच रक्तानं तट्ट फुगलेला.
भोवती काळे ठिपके, कुणी बॉलपेन चालतंय का पाहिल्यासारखे,
आणि नासक्या कोथिंबिरीचा वास.
"ढेकूण," मी मोठ्यानं म्हणाले,
जणू माहेरच्या नावानं हाक मारली
तर ऐकेल.

मग मे महिना कामाला लावला.
शुक्रवारी बाजारातून स्वस्तात आणलेला पलंग
फळ्या सुट्या करून गच्चीवर.
गादी दुपारभर उन्हात, एकदा या कुशीवर, एकदा त्या.
उशा, परकर, दिराचा स्वेटर
काळ्या पिशव्यांत, तोंडं आवळून.
लाकडाच्या खाचांत किटलीतलं उकळतं पाणी.
पलंग भिंतीपासून वीतभर लांब,
चार पायांखाली चार वाट्या, तळाशी तेल:
लग्नात आलेल्या सहांतल्या चार.

चौदाव्या दिवशी पुन्हा टिपके.
अंड्यांचं पंचांग वेगळं असतं.

या वेळी एकाला मारलं नाही, नुसतं पाहिलं.
तो भिंत चढला, घाई नव्हती,
खिडकीच्या चौकटीमागच्या भेगेतून पलीकडे,
दाढेकाकूंकडे,
सुट्टीला निघाल्यासारखा.

दाढेकाकू. मेमध्येही मनगटापर्यंत बाह्या.
कुंकवाचा करंडा दारातूनच पुढे करायच्या,
आत ये म्हणायच्या नाहीत.
मी त्यांना शिष्ट समजत होते.

"आमच्याकडे ढेकूण झालेत."
एवढं म्हणायला मला तीन आठवडे लागले.
काकूंनी आधी जिना पाहिला, वर, खाली.
मग बाही कोपरापर्यंत सरकवली.
"चार वर्षं," म्हणाल्या.
"पोरीला दिवाळीला बोलावलं नाही."

एकाच रविवारी भिंतीच्या दोन्ही बाजूंनी
आम्ही पांढरं सिमेंट भरलं, लोणी लावायच्या सुरीनं.
मध्येच पलीकडून टकटक आली.
मीही केली.

आता श्रावण. रोज वाट्या बघते:
तेल, धूळ, एखादी मुंगी.
काकूंच्या पोरीचं तिकीट झालंय.
झोप मात्र अजून
पलंगाच्या पायाशी येऊन थांबते,
वाटी ओलांडत नाही.