दुसरी बाजू, पाचवं गाणं

जुन्या बाजारात, कुकरच्या शिट्ट्यांच्या ढिगाशेजारी
ऐंशी रुपयांत सोळा बँड मिळाले.
सगळे विलायतेतले, साठ-पासष्टच्या सुमाराचे,
एकाचंही नाव कुणी ऐकलेलं नाही.
एकेक गाणं केलं पोरांनी, मग बहुधा
चिकटले कुठल्यातरी गॅस कंपनीत.

कव्हरवर निळ्या शाईत: लॅन्सलॉट रिबेलो, घोरपडी.
पाचव्या गाण्यापुढे फुली,
आणि बारीक, तिरक्या इंग्रजीत शेरा:
हे आम्ही जास्त चांगलं वाजवायचो.

लावलं.
ड्रमवाला सुसाट, गिटार मागून धापा टाकतंय,
शेवटी कुणीतरी खोकलं
ते तसंच राहिलंय.

मग पुन्हा लावलं,
आवाज पार मिटवून.
सुई नुसती फिरू दिली अडीच मिनिटं
घोरपडीवाल्यांसाठी.
खाली वॉचमन गेट ओढत होता.